शेरीफ, पिस्तूल आणि पंचनामा

आज एका वाचक मेळाव्यात एका वक्त्यांनी अमेरिकेच्या पश्चिम सरहद्दीवरील शेरीफ (तिथला पोलीस अधिकारी) आणि दरोडेखोरांच्या कादंबऱ्यांचे भरभरून कौतुक केले. हा साहित्यप्रकार मला लहानपणापासून प्रिय आहे, तरीही ते कौतुक ऐकून माझ्या अंगाचा तिळपापड झाला. "तिथे कोर्टकचेरीचे लचांड नाही, शेरीफ जागच्या जागी निकाल लावतो," असे ते म्हणाले आणि सभागृहात टाळ्या पडल्या. तुमच्यापैकी कोणीही त्या टाळ्यांत सामील झाले नसते, हे मी धरूनच चालते.

आमचे अण्णा पोलीस हवालदार होते. पदपथावरून आणलेल्या जुन्या इंग्रजी वेस्टर्न कादंबऱ्या ते आम्हा भावंडांना मराठीतून सांगत आणि गोळीबार ऐन रंगात आला की पुस्तक मिटून विचारत, "आता पंचनामा कोण करणार?" आम्ही चिडत असू, पण उत्तर दिल्याशिवाय गोष्ट पुढे सरकत नसे.

अ‍ॅरिझोनातील टूमस्टोन गावी २६ ऑक्टोबर १८८१ रोजी झालेली ओ. के. कोरल या घोड्यांच्या आवाराजवळची चकमक जेमतेम ३० सेकंदांची होती आणि तीत तिघे मारले गेले, एवढे सर्वांना पाठ असते. पण गावात शस्त्र बाळगण्यास बंदी होती आणि ती मोडणाऱ्यांची शस्त्रे काढून घेण्यासाठीच गावचा मार्शल, म्हणजे पोलीसप्रमुख, व्हर्जिल अर्प निघाला होता, हे कोणी सांगत नाही. चकमकीनंतर रीतसर मृत्यूची चौकशी झाली, खुनाची फिर्याद दाखल झाली, व्हर्जिलचा भाऊ वायट आणि वायटचा मित्र डॉक हॉलिडे यांना अटक झाली आणि न्यायाधीश वेल्स स्पायसर यांच्यापुढे सुमारे महिनाभर साक्षी चालल्या. स्पायसरनी अर्प बंधूंना सोडले, पण वायट आणि हॉलिडे यांना मदतीला घेतल्याबद्दल व्हर्जिलला दोषही दिला. अण्णांचा पंचनामा तो हाच, आणि कादंबरीकार नेमका तोच गाळतात!

पुढे व्हर्जिलवर दबा धरून गोळीबार झाला व त्याचा हात कायमचा अधू झाला. त्या प्रकरणातील आरोपी, चकमकीतील विरुद्ध गटाचा आइक क्लॅंटन साक्षीदारांच्या जोरावर सुटला, हे मान्य. पण मार्च १८८२ मध्ये धाकटा भाऊ मॉर्गन मारला गेल्यावर वायटने जागच्या जागी निकाल लावायला सुरुवात केली, तेव्हा छातीवर बिल्ला असलेल्या या माणसावरच खुनाचे वॉरंट निघाले आणि त्याला अ‍ॅरिझोना सोडावे लागले. वक्त्यांना हेच हवे आहे काय?

राग थोडा निवला आहे, म्हणून ज्याच्याविषयी अण्णांना सांगायचे राहून गेले त्या बॅस रीव्झविषयी लिहिते. गुलामगिरीत जन्मलेला हा कृष्णवर्णीय माणूस १८७५ पासून आर्कान्सा राज्यातील फोर्ट स्मिथच्या न्यायालयाचा डेप्युटी मार्शल होता. त्याला वाचता येत नव्हते; वॉरंट दुसऱ्याकडून वाचून घेऊन तो ते ध्यानात ठेवी आणि आरोपींना न्यायाधीशांसमोर उभे करी. १९०२ मध्ये त्याच्या मुलाने स्वतःच्या पत्नीचा खून केला, तेव्हा ते वॉरंटही त्याने स्वतःच बजावले. पोटच्या पोराला कोर्टात नेणाऱ्या बापाचा तो प्रवास कसा झाला असेल, हे ज्याला लिहावेसे वाटत नाही त्याने या प्रांतात पाऊलच का ठेवावे? अण्णांनी या गोष्टीत पुस्तक मध्येच मिटले नसते.

पुढच्या मेळाव्यात मला रीव्झविषयी बोलू द्यावे, असे आयोजकांना आताच कळवले आहे. ते वक्ते समोर बसले असतील तर फारच उत्तम.