हरल्यावर पुढचा शनिवार

बारावीचा निकाल लागला की आपल्याकडे तोच वाद पुन्हा निघतो: खेळाडूंना वाढीव गुण द्यावेत की नाहीत? मध्येच बोगस क्रीडा प्रमाणपत्रांचं एखादं प्रकरण उघडकीला येतं आणि नोकऱ्यांतल्या ५ टक्के आरक्षणावरही बोट ठेवलं जातं. इथे मिनेसोटातल्या नॉर्थफील्डमध्ये बसून मी हे वाचतो. मुलं वर्षाकाठी खेळतात तरी किती, हे मात्र त्यात कुणी विचारत नाही.

नॉर्थफील्ड वीसेक हजार वस्तीचं गाव. तरी कार्लटन आणि सेंट ओलाफ अशी दोन कॉलेजं इथे आहेत. दोन्ही १९२० साली स्थापन झालेल्या मिनेसोटाच्या आंतरमहाविद्यालयीन लीगमध्ये अमेरिकन फुटबॉल खेळतात. ही अमेरिकी कॉलेज-खेळांतली तिसरी पातळी, डिव्हिजन थ्री, म्हणजे खेळासाठी शिष्यवृत्ती द्यायलाच मनाई. दोघांच्या आपसातल्या सामन्यात जिंकेल त्याला लाकडी बोकड मिळतो. १९७७ मध्ये तर यार्डांऐवजी मीटरमध्ये मैदान आखून ते एकमेकांशी खेळले होते. सेंट ओलाफने ४३-० असा जिंकला होता तो सामना.

आमच्या शेजारचा मुलगा यातल्याच एका संघात होता. सप्टेंबर ते नोव्हेंबरच्या मध्यापर्यंत दहा सामने, बहुतेक शनिवारी. शेवटच्या सामन्याला गवतावर दहिवर गोठलं होतं. त्याची आई मांडीवर घोंगडी घेऊन, थर्मासमधली कॉफी ओतत बसली होती. संघ कधीच हरल्यात जमा होता. शेवटची चार मिनिटं उरली तेव्हा त्याला आत पाठवलं. त्याने एकाला खाली पाडलं आणि ही बाई अशी उभी राहिली की कॉफी माझ्या बुटांवर सांडली. त्या मुलाला ना गुण मिळणार होते, ना नोकरी.

माझ्या कॉलेजात मी कबड्डी खेळायचो. तीन महिने पहाटे सराव केला. विभागीय स्पर्धेला एसटीने पाच तास गेलो, पहिल्याच सामन्यात एका शहरी कॉलेजाशी गाठ पडली आणि जेवणाच्या आधी बाहेर. बाद पद्धत! चाळीस मिनिटांत वर्ष संपलं. माझ्याबरोबरची दोन पोरं पुढच्या वर्षी आलीच नाहीत, आणि त्यातला एक माझ्यापेक्षा कितीतरी चांगला चढाईपटू होता. त्याची आठवण आली की अजून वाईट वाटतं.

इथे सगळं आलबेल आहे असं नाही. २०१७ मध्ये याच लीगमधल्या सेंट थॉमस या कॉलेजाने सेंट ओलाफचा ९७-० असा धुव्वा उडवला. सेंट थॉमस बाकीच्यांपेक्षा खूप मोठं झालं होतं. २०१९ मध्ये लीगने त्याला बाहेर पडायला सांगितलं. २०२१ पासून ते थेट सर्वांत वरच्या पातळीवर, डिव्हिजन वनमध्ये खेळतं. जिंकणाऱ्याला शिक्षा, अशी टीका झाली. मला तो निर्णय बरोबर वाटतो. तोलामोलाचे संघ समोर असले तरच लहान कॉलेजातला मुलगा दहा आठवडे टिकतो.

वाढीव गुण नि आरक्षण काढून टाका, असं मी म्हणणार नाही. शेजारच्या मुलाच्या घरी पैसा होता, फीची चिंता नव्हती. सांगोल्याच्या किंवा गेवराईच्या पोरीला खेळाच्या जोरावर पोलिसात भरती होता येत असेल, तर ती वाट बुजवणं पाप आहे. पण तिच्या कॉलेजाला पन्नास किलोमीटरच्या आत आपल्याच ताकदीची सात-आठ कॉलेजं सापडतील. त्यांनी दिवाळीनंतर दर रविवारी एकमेकांकडे जाऊन खेळावं. मैदान आहे, चुना आहे, एसटी आहे. पहिला सामना हरलेल्या पोरीला त्याच संध्याकाळी ठाऊक असावं, की पुढच्या रविवारी आपल्याला कुठे जायचंय.