एडिटर म्हणजे नुसता कात्रीवाला? यान देदेचं काम बघा आधी

सध्या जो तो एक वाक्य शेअर करतोय, की एडिटर दिग्दर्शक सांगेल तिथं कापतो, अभिनयातलं त्याला काही कळत नाही आणि कधी पडद्यावर दिसलाच तर तो ओळखीपाळखीने. वाचून खरंच वाईट वाटलं. फ्रान्सचा एडिटर यान देदे, त्याचं काम बघितलेला माणूस असं म्हणूच शकत नाही.

आधी ते 'सांगेल तिथं कापतो'. देदे सुरुवातीला दिग्दर्शक त्रुफोकडे होता, ऑस्कर मिळालेला 'डे फॉर नाइट' (१९७३) त्यानेच एडिट केलाय. नंतर तो गेला दिग्दर्शक मॉरिस पिआलाकडे आणि तिथं सगळं वेगळंच. 'टू अवर लव्हज' (१९८३) मधला जेवणाचा सीन आठवा, घर सोडून गेलेला बाप अचानक दारात उभा राहतो, बापाचं काम खुद्द पिआलाच करतोय आणि तो असा येणार हे समोरच्या नटांना सांगितलेलंच नव्हतं, म्हणजे ते गडबडलेले चेहरे खरे आहेत! असं फुटेज टेबलावर आल्यावर कुठं कापायचं हे कुठल्या स्क्रिप्टमध्ये लिहिलेलं असणार? कुठल्या टेकमध्ये जीव आहे ते ओळखावं लागतं, कंटिन्युइटी (शॉट्समधली सलगता) थोडी हलली तरी चालेल. त्याच पिक्चरमध्ये एका कटमध्ये मधला कितीतरी काळ निघून जातो, ना पाटी ना काही, तरी आपण हरवत नाही. (सोबत आणखी एडिटर होते, सगळं श्रेय एकट्याचं नाही.)

आता अभिनय. पिआलाच्याच 'अंडर द सन ऑफ सेटन' (१९८७) मध्ये देदे डॉक्टर गाले झालाय. ओळखीने मिळालं असेल, मान्य, पिआला स्वतःही त्यात पाद्री आहेच. पण तो सीन बघा ना, मूशेत नावाची तरुण मुलगी त्याच्याकडे येऊन खुनाची कबुली देते, समोर सांद्रीन बोनेरसारखी जबरदस्त नटी, आणि हा लग्न झालेला, घाबरलेला माणूस हळूहळू अंग काढून घेतो. नवशिक्याला झेपणारं काम नाही ते. आणि तोच सीन नंतर स्वतःचा चेहरा बघत एडिटिंगला घ्यायचा! नटाचा कुठला क्षण ठेवायचा हे रोज ठरवणाऱ्याला अभिनय कळत नाही म्हणे. त्याच पिक्चरला कान फिल्म फेस्टिव्हलचा सर्वोच्च पुरस्कार पाम द'ऑर मिळाला, हॉलमध्ये लोकांनी हुर्यो उडवली तेव्हा पिआलाने मूठ उंचावली होती.

२०१२ ला 'पोलिस' (Polisse) या पिक्चरसाठी देदेला सहएडिटर लॉर गार्देतसोबत एडिटिंगचा सेझार, म्हणजे फ्रान्सचा मोठा फिल्म पुरस्कार, मिळाला. त्रुफोसाठी पहिल्यांदा एडिट केलं त्याला तेव्हा चाळीस वर्षं झाली होती.