आदर्श समाज, मुक्काम पोस्ट इंदूर

आमच्या रामबागेतल्या घरात सध्या समाजाची पुनर्रचना चालू आहे. सकाळी पोह्यांच्या बशीपासून सुरू होते ती रात्री सराफ्यापर्यंत, म्हणजे सोनारांच्या बाजारात रात्री भरणाऱ्या खाऊगल्लीपर्यंत. पुनर्रचनाकार म्हणजे ह्यांचे एक दूरचे काका. देशभर हिंडतात, आणि ओंकारेश्वरला जाता जाता 'दोन दिवस' आमच्याकडे टेकलेत. त्यातला दुसरा दिवस अजून उगवायचाय.

काकांचं दैवत टॉमस मोर. या इंग्रज गृहस्थानं १५१६ साली 'युटोपिया' नावाचं आदर्श बेट एका लॅटिन पुस्तकात वसवलं. तिथली हकिगत सांगणाराही एक प्रवासीच, त्यामुळे काकांना तो घरचाच वाटतो. बेटावर खाजगी मालमत्ता नाही. (काका पाकीट बाळगत नाहीत, ते याच तत्त्वानं.) काम दिवसाला सहाच तास: तीन जेवणाआधी, मग दोन तास विश्रांती, मग पुन्हा तीन. विश्रांतीचं कलम काका इथेही काटेकोर पाळतात. दर दहा वर्षांनी चिठ्ठ्या टाकून घरं बदलायची, हे ऐकून ह्यांचा चेहरा उजळला. शेजाऱ्यांच्या गच्चीवर ह्यांचा जुना डोळा आहे. एवढा समाज बदलणाऱ्या काकांना ओला आणि सुका कचरा मात्र वेगळा कळत नाही, आणि इंदुरात हा गुन्हा मालमत्ता बाळगण्याहून मोठा!

बेटावर सोन्याची मूत्रपात्रं करतात. हे काकांनी जाहीर केलं ते नेमकं सराफ्यात, खणखणीत आवाजात. दुकान बंद करत असलेल्या सोनारानं आमच्याकडे असं पाहिलं, की भुट्ट्याचा कीस माझ्या घशातच अडकला.

मला एक कलम मात्र फार पटलं. तिथे परगावी जायचं तर परवाना लागतो आणि त्यावर परतीची तारीख असते. शिवाय एका रात्रीपेक्षा जास्त राहिलं, तर पाहुण्यानंही आपलं काम करायचं. मी हे ह्यांना मुद्दाम मोठ्यानं वाचून दाखवलं. काका खूष झाले. "सूनबाई, तुझा व्यासंग वाढतोय!"

काल जेवताना सार्वजनिक भोजनगृहं निघाली. घरोघरी चूल कशाला? तुतारी वाजली की तीस कुटुंबांनी एकत्र जेवायला बसायचं.

"स्वयंपाक कोण करतं, काका?"

"बायका. पाळीपाळीनं."

"बरं. आणि खरकटं, भांडी?"

काकांनी आमटीचा भुरका जरा लांबवला.

"ते... गुलाम."

"मग यात नवीन काय?" मी म्हटलं.

हे मुकाट्यानं आपलं ताट उचलून मोरीकडे निघाले. काकांनी ताक मागितलं.