गावच्या कामात खोडा घालणारी ‘चार टाळकी’

बेळगाव-खानापूर-निपाणी पट्ट्यात व्हॉट्सअ‍ॅपवर एक मेसेज हातोहात फिरतोय. त्याचा सूर असा: सारखे अर्ज टाकणाऱ्या, ग्रामसभेत उठून विचारणाऱ्या चार टाळक्यांमुळे कामं रखडतात, अधिकारी सहीला घाबरतात. ही माणसं पैशासाठीच हे करतात. आणि सीमाभागातल्या मराठी माणसानं तरी सरकारच्या डोळ्यांवर येऊ नये.

आधी अर्जांचं घेऊ. एकच माणूस ढीगभर माहिती अधिकार अर्ज टाकतो, हे खरं आहे. पण कर्नाटकाच्या नियमात एक अर्ज एकाच विषयाचा आणि 150 शब्दांच्या आतला लागतो. गटार, पाण्याची टाकी आणि अंगणवाडीचं छप्पर विचारायचं तर तीन अर्ज, दहा-दहा रुपयांच्या तीन पोस्टल ऑर्डरी. 30 दिवसांत उत्तर नाही आलं की वर अपील. हा ढीग हौसेचा नाही.

‘अधिकारी घाबरतात’ हे मला कधीच पटलेलं नाही. आमच्याकडची ग्रामसभा बघा. देवळाच्या मंडपात पीडीओ (पंचायत विकास अधिकारी) कन्नडमधून यादी भराभर वाचतात. सह्यांचं रजिस्टर आधी फिरतं, ठराव मागाहून लिहिला जातो. चहा येतो. तेवढ्यात मागून कोणीतरी उठतो, "एस्टिमेटात गटार किती फूट धरलीय ओ? अन् एमबीत (मोजमाप पुस्तकात) किती चढवलीय?" लगेच पुढून, "बस की रे गप्प, तुझं रोजचंच हाय." (असं म्हणणाऱ्याच्याच दारात पावसाळ्यात पाणी तुंबलेलं असतं, ते सोडा.) काम एस्टिमेटाप्रमाणे झालं असेल तर घाबरायचं कशाला? पानाला दोन रुपये घेऊन झेरॉक्स द्यायची, विषय संपला. अर्जदारानं कारण सांगायची गरज नाही, असं 2005 च्या माहिती अधिकार कायद्याचं कलम 6(2) सांगतं. तरी खिडकीवरचा पहिला सवाल ‘तुला कशाला पाहिजे?’ हाच.

कामं रखडतात म्हणे. बेळगावजवळचा हलगा-मच्छे बायपास रखडला, मान्य. पिकाऊ जमीन जाणाऱ्या शेतकऱ्यांनी ‘झिरो पॉइंट (रस्त्याची सुरुवात धरायची जागा) नेमका कुठे?’ हा प्रश्न कोर्टात नेला आणि स्थगिती आणली. प्रश्नात दम नसता तर ती मिळाली नसती.

‘मराठी माणसानं गप्प राहावं’ याची मात्र चीड येते. मातृभाषेतून प्राथमिक शिक्षणाची सोय (कलम 350अ) आणि भाषिक अल्पसंख्याकांसाठी विशेष अधिकारी (350ब), दोन्ही 1956 च्या सातव्या घटनादुरुस्तीत आले. पण मराठीतून परिपत्रकं मिळावीत म्हणून आजही निवेदनं घेऊन कलेक्टर कचेरीच्या पायऱ्या झिजवाव्या लागतात, आणि त्या हीच टाळकी झिजवतात. शिवाय प्रश्न विचारणं हा मराठी-कन्नड वाद कधी झाला? 1981 साली शरद जोशींच्या नेतृत्वाखाली तंबाखूच्या भावासाठी निपाणीजवळ महामार्गावर शेतकरी बसले. गोळीबारात 12 जण गेले. व्यापारी भाव पाडायचा तो शेतकऱ्याची भाषा विचारून नाही.

राहिला पैशाचा मुद्दा. अर्ज टाकून नंतर सेटलमेंट करणारे आहेत, मीही नाकारत नाही. ती खंडणी आहे. पोलिसात द्या. पण माहिती अधिकार कायद्याच्याच कलम 4 प्रमाणे पंचायतीनं कामांचा हिशेब आपणहून फळ्यावर लावायचा असतो. तो लावला, तर अशा माणसाला विकायला उरेल काय?