'दुविधा'तली नवरी

दिग्दर्शक मणी कौल यांच्या 'दुविधा' (१९७३) या चित्रपटातल्या नवरीचा चेहरा कोरा वाटतो, असं त्यावरच्या एका लेखात म्हटलंय. मला हे अजिबात पटलं नाही. कौलना नटांचे हावभाव नकोच होते! चित्रकार अकबर पदमसी यांच्या कन्या रईसा यांनी ही भूमिका केली आणि आजही त्या याच एका चित्रपटासाठी आठवतात.

लाल ओढणी, मागे पांढरी भिंत आणि रोखून बघणारे ते डोळे. लग्नानंतरच्या वाटेवरच नवरा हिशेबात बुडालेला, तेव्हा ती नुसती बघते. मध्येच चित्र थिजतं, पण ती नजर थिजत नाही. राजस्थानी लेखक विजयदान देथांच्या याच कथेवरचा 'पहेली' (२००५) मी आधी पाहिला होता, पण मनात राहिली ती रईसांचीच नवरी. त्यांच्यावर कुणीतरी सविस्तर लिहा हो.