‘वार्प’ फेकतात कुठे? एका जुन्या जॉबरच्या प्रतिक्रियेला उत्तर

काका, नमस्कार.

तुम्ही नाव लिहिलेलं नाही. सहीच्या जागी फक्त ‘एक जुना जॉबर, अक्कलकोट रोड’ एवढंच आहे. जॉबर, म्हणजे माग दुरुस्त करून चालता ठेवणारा कारागीर, म्हटलं की मला खिशात पाना आणि बोटांना ग्रीस लागलेला माणूस दिसतो आणि तो माझ्यापेक्षा मोठाच असतो. म्हणून काका म्हणते, चालवून घ्या.

ज्यांनी मूळ लेख वाचला नसेल त्यांच्यासाठी सांगते. ‘वार्प’ या इंग्रजी शब्दावर मी लिहिलं होतं. त्याचा मुळातला अर्थ फेकणे, पुढे कापडातला उभा धागा, मग लाकूड वाकणं, माणसाचं मन वाकडं होणं आणि शेवटी थेट अंतराळयान, असा तो प्रवास होता. त्यावर तुम्ही लिहिलंत: “बाई, माग चालताना कधी बघितलाय का? फेकला जातो तो धोटा, म्हणजे बाणा. ताणा जागच्या जागी असतो. फेकण्यावरून नाव द्यायचं तर बाण्याला द्या. शिवाय ताणा ताठ लागतो, वाकडा झाला की माल रिजेक्ट. सरळ आणि वाकडं एकाच शब्दात कोंबू नका, ते दोन वेगळे शब्द आहेत. आणि सोलापुरात ताणा-बाणा म्हणतं कोण?” (ताणा म्हणजे उभा धागा, बाणा म्हणजे आडवा, आणि धोटा म्हणजे तो आडवा धागा या बाजूने त्या बाजूला नेणारं साधन.)

शेवटचं आधी घेते, कारण तिथे मी सपशेल चुकले. ‘आपल्या सोलापूरचे विणकर ताणा-बाणा म्हणतात’ हे वाक्य मी घरी बसून लिहिलं. शेडमध्ये सगळे वार्प-वेफ्टच म्हणतात, ते वार्पही नाही, ‘वारप’. आणि पूर्व भागात पद्मशाली, म्हणजे तेलुगू विणकरांच्या, घरात विचारलं तर पडुगू आणि पेका. माझी आजी शेजारच्या तेलुगू बायकांसोबत बसून कांड्या भरायची. तिच्या तोंडून मी ‘पडुगू’ शंभर वेळा ऐकलंय आणि लिहायच्या वेळी मात्र शाळेच्या पुस्तकातलं ताणा-बाणा सुचलं. ते वाक्य काढून टाकलंय. कन्नड घरात हेच ‘हासू-होक्कू’ होतं आणि दोन गोष्टी एकमेकींत पार मिसळल्या की कन्नडमध्ये त्या ‘हासुहोक्कू’ झाल्या म्हणतात. एका गावात एकाच दोऱ्याला इतकी नावं असताना मी नेमकं पुस्तकातलं उचललं, याचं मलाच हसू येतंय.

आता माग बघितलाय का. लहानपणी पाहिले होते, पण ते दारातून. तुमची प्रतिक्रिया वाचून गेल्या आठवड्यात ओळखीतल्या एका टॉवेलच्या शेडमध्ये गेले आणि दोन तास उभी राहिले. आधी वार्पिंग, म्हणजे उभे धागे ड्रमवर गुंडाळणं, पाहिलं. घोडीवर, म्हणजे एका उभ्या चौकटीवर, सुताचे शेकडो कोन लावलेले, प्रत्येकाचा धागा निघून फणीतून ड्रमकडे जाणारा. लांबून पाहिलं तर पावसाच्या सरी आडव्या पडताहेत असं वाटतं. एक धागा तुटला की मशीन थांबतं. मग तिथला मुलगा वाकून टोक शोधतो, बोटांच्या चिमटीत गाठ मारतो आणि परत सुरू करतो. त्याला विचारलं, इथे काही फेकतात का? तो म्हणाला, “मॅडम, इथं फेकलं तर मालक मला फेकतील.” म्हणजे पहिल्या फेरीत तुम्ही जिंकलात.

पण काका, तुमच्या आक्षेपात एक गोष्ट गृहीत धरलेली आहे. धोटा फेकला जातो हे आपल्याला इतकं सहज वाटतं, कारण आपण यंत्रमागाच्या गावात वाढलो. धोटा दोरीच्या झटक्याने सटकन पलीकडे पाठवायची युक्ती इंग्लंडमध्ये लँकेशायरच्या जॉन के या माणसाने १७३३ साली काढली. त्याआधी धोटा हातानेच या बाजूने त्या बाजूला द्यायचे. आणि ‘वार्प’ हा शब्द हजार वर्षांहून जुना आहे. त्या काळातले इंग्लंडमधले माग भिंतीला टेकवून उभे केलेले असत. वरच्या आडव्या दांड्यावरून धागे खाली सोडायचे आणि खाली मातीची वजनं बांधायची, म्हणजे धागे ताठ राहतात. भाजलेल्या मातीची ती भोक पाडलेली वजनं तिकडच्या उत्खननांत पुष्कळ सापडतात. त्या मागावर धोटा सटासट सुटत नव्हता. फेकल्यासारखं काही असेल तर ते वरून खाली सोडलेले उभे धागे.

कोशकारांचं स्पष्टीकरण मात्र वेगळं आहे. ज्याच्यावरून आडवा धागा फेकला जातो तो वार्प, असं ते सांगतात. मला ते ओढूनताणून आणल्यासारखं वाटतं, आणि ताण्याच्या बाबतीत हा शब्द वापरताना मी हसू दाबतेय. त्यापेक्षा मला आपलं ‘टाकणे’ जवळचं वाटतं. तुमच्याच पिढीतली माणसं सांगतात ना, ‘अमक्याने विनकर वसाहतीत चार माग टाकले’? माग कुणी उचलून फेकले नव्हते. दुकान टाकतात, फोडणी टाकतात, आजारी माणूस अंग टाकतो, गाभण शेळी टाकते. मराठीत टाकणे म्हणजे फेकणं असतं तसं मांडणं, उभारणं, सोडून देणंही असतं. जुन्या इंग्रजीतलं ‘वेऑर्पान’ हे त्याच जातीचं क्रियापद होतं. हे माझं मत आहे, कोशातलं नाही.

तुमच्या बाजूनेही एक पुरावा देते, म्हणजे हिशोब बरोबर राहील. जर्मन भाषेत याच कुळातलं ‘वेर्फेन’ आजही फेकणे याच अर्थाने रोज वापरतात. पण उभ्या धाग्याला जर्मन माणूस ‘केट्टे’ म्हणतो, म्हणजे साखळी. आणि आडव्या धाग्याला ‘शुस’, म्हणजे गोळी झाडल्यासारखा सुटलेला. अगदी तुम्ही म्हणता तसं. इंग्रजीतलं ‘शटल’ही मुळात ‘शूट’च्याच घरातलं. थोडक्यात, तुमच्यासारखा विचार करणारे जॉबर तिकडेही होते.

आता सरळ आणि वाकडं. इथे मी माघार घेणार नाही. ते दोन शब्द नाहीत, एकच आहे. ‘पीळ पडणे, आकार बिघडणे’ हा अर्थ साधारण १४०० च्या सुमारास इंग्रजी लिखाणात दिसू लागतो. ओलं लाकूड वाळताना जागा सोडतं, फळीचं एक टोक वर येतं, जणू कुणी ते बाजूला फेकलंय. फेकणं, मग जागेवरून ढळणं, मग वाकणं. तुम्हाला हे जमवून आणल्यासारखं वाटत असेल तर याची उलटी गोष्ट ऐका.

‘थ्रो’ म्हणजे फेकणे, हे पाचवीतल्या पोराला माहीत असतं. पण जुन्या इंग्रजीत ‘थ्रावान’चा अर्थ होता पिळणे, फिरवणे. जर्मनमधलं ‘ड्रेहेन’, म्हणजे फिरवणे, हे त्याचं सख्खं भावंड. तो जुना अर्थ अजून दोन धंद्यांत टिकून आहे. इंग्रज कुंभार चाकावर भांडं घडवतो तेव्हा तो ते ‘थ्रो’ करतो. भांडं कुठे फेकलं जात नाही, तरी थ्रो. आणि रेशमाच्या धाग्याला पीळ देणाऱ्याला ‘थ्रोस्टर’ म्हणतात. म्हणजे जो शब्द फेकण्याचा होता तो वाकण्याकडे गेला आणि जो पिळण्याचा होता तो फेकण्याकडे आला. दोन भाडेकरूंनी आपसांत खोल्या बदलाव्यात तसं झालं. हे मूळ लेखात मी एका ओळीत उरकलं होतं. ते चुकलंच, लेख खरं तर याच्यावरच लिहायला हवा होता.

शब्दाच्या बाकीच्या वाटांवर तुम्ही काही म्हटलेलं नाही, पण त्यांत फेकण्याचा अर्थ उघडाच दिसतो, म्हणून पटकन सांगते. जमीन पोखरून माती बाहेर फेकणाऱ्या चिचुंद्रीसारख्या एका प्राण्याला जुन्या बोलीत ‘मोल्डवार्प’ म्हणत, म्हणजे मातीफेक्या. बंदरात वारा नसला की नांगर होडीतून लांब नेऊन टाकायचा आणि त्याचा दोर ओढत जहाज पुढे सरकवायचं, त्या दोरालाही वार्प म्हणतात. इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावर हेरिंग मासे मोजताना दोन्ही हातांत दोन-दोन घेऊन टोपलीत टाकायचे. ते चार मासे म्हणजे एक वार्प. असे ३३ वार्प झाले की शेकडा भरला म्हणायचे आणि त्या शेकड्यात मासे असायचे १३२. आपल्याकडे भाजीवाली वर दोन मिरच्या टाकते, त्यातलाच मोठा प्रकार. आणि हंबर नदीच्या मुखाजवळ भरतीचं गढूळ पाणी मुद्दाम शेतात घ्यायचे, गाळ बसू द्यायचा आणि ओहोटीला पाणी सोडून द्यायचे. त्या गाळाचं नावही वार्प आणि त्या कामाला म्हणायचं वार्पिंग. तिकडच्या शेतकऱ्याला आपल्या एमआयडीसीत आणून ‘वार्पिंग डिपार्टमेंट’ची पाटी दाखवली असती तर त्याने आधी पाणी कुठून येतं ते विचारलं असतं.

अंतराळातला वार्प मात्र पोरांमुळे मला छळतो. बारावीच्या एका मुलाने मागे मला ठामपणे सांगितलं, “मॅडम, वार्प म्हणजे फास्ट.” कारण ‘वार्प स्पीड’. १९६६ साली अमेरिकेत सुरू झालेल्या एका अंतराळ मालिकेमुळे हे शब्द घरोघरी गेले. १९९४ मध्ये मिगेल अल्कुबिएरे या मेक्सिकन भौतिकशास्त्रज्ञाने, यानापुढचं अवकाश आकुंचन पावलं आणि मागचं प्रसरण पावलं तर काय होईल, याचं गणित मांडलं. २०२० मध्ये अमेरिकी सरकारने करोनाच्या लशीच्या मोहिमेला ‘ऑपरेशन वार्प स्पीड’ असंच नाव दिलं. कल्पना अवकाश वाकवण्याची होती, लोकांच्या डोक्यात मात्र वेग राहिला. उद्या कोशात वार्पचा अर्थ ‘वेगवान’ असा आला तरी मला नवल वाटणार नाही. तेव्हा त्या मुलाला मी चूक म्हणाले, आता तितक्या जोरात म्हणणार नाही.

इंग्रजी शब्दाचं इतकं कौतुक मराठीत कशाला, असंही तुम्ही जाता जाता लिहिलंय. मग आपलाच एक शब्द घ्या. ‘ओतप्रोत’. भाषणात भक्तीने ओतप्रोत, वर्तमानपत्रात उत्साहाने ओतप्रोत. दहा जणांना विचारा, नऊ जण सांगतील की घागरीतून ओतण्यावरून आला. तो आलाय मागावरून. संस्कृतात ओत आणि प्रोत ही दोन्ही विणण्याची रूपं, आडवं-उभं विणलेलं. बृहदारण्यक उपनिषदात गार्गी याज्ञवल्क्याला विचारते, हे सगळं जर पाण्यात ओतप्रोत आहे तर पाणी कशात ओतप्रोत आहे? ती एकेक धागा उसवत पुढे जाते आणि शेवटी तो म्हणतो, आता पुरे. आपण त्या शब्दाखालचा माग काढून घेतला आणि घागर ठेवली. मग इंग्रजांनी वार्पचं काय केलं याचं मला अप्रूप का वाटू नये?

आणखी एक कबुली. काही वर्षांपूर्वी एका निर्यातदारासाठी मी तपासणीचा फॉर्म मराठीत करून दिला होता. त्यात ‘वार्प ब्रेकेज’ होतं. मी बिनधास्त लिहिलं, ‘वाकल्यामुळे तुटणे’. तो फॉर्म छापून शेडमध्ये लागला. दोन दिवसांनी तिथल्या सुपरवायझरचा फोन आला, “ताई, टॉवेल वाकल्यावर कसा तुटंल ओ?” या शब्दाच्या मागे मी लागले ती त्या फोनमुळे.

शेडमध्ये शेवटी जे पाहिलं ते तुम्हाला रोजचं आहे, मला नवीन होतं. टेरी टॉवेलच्या मागावर बीम, म्हणजे उभे धागे गुंडाळलेले रूळ, दोन असतात. खालचा ताठ, वरचा ढिला. दोन पिक, म्हणजे आडवे धागे, कापडापासून थोडे लांब थांबतात, तिसरा आला की फणी तिघांना एकदम पुढे ढकलते. ताठ धाग्यांवरून ते तिघे घसरत जातात आणि ढिल्या धाग्याला पुढे जायला जागा उरत नाही, म्हणून तो वर फुगतो. ती गाठ नसते, तो असतो फास. टॉवेलचा मऊपणा म्हणजे ते फास. तेव्हा काका, ‘ताणा ताठ लागतो’ हे चादरीला शंभर टक्के लागू, टॉवेलला अर्धंच. तिथे उभ्या धाग्यांतला एक सरळ असतो आणि दुसरा मुद्दाम वाकडा होऊ दिलेला. हा शब्दाच्या व्युत्पत्तीचा पुरावा नाही, मला माहीत आहे. पण वार्पचे दोन्ही अर्थ एका टॉवेलमध्ये शेजारी बसलेले पाहून मी तिथेच हसले आणि कामगारांना वाटलं मॅडमला काय झालं.

तिथला मुलगा त्या दोन बीमांना नुसतं ‘वरचा’ आणि ‘खालचा’ म्हणत होता. तुमच्या काळात, किंवा तुमच्या घरी तेलुगूत, त्या ढिल्या धाग्याला वेगळं नाव होतं का? असेल तर कळवा. लेखातली ताणा-बाण्याची ओळ काढलेली जागा अजून रिकामी ठेवली आहे.