पन्ना कोटा आणि माझे शिवशिवणारे हात

पन्ना कोटा म्हणजे क्रीम गोठवून केलेला, हलवला की थरथरणारा इटालियन गोड पदार्थ. त्याला ओव्हन लागत नाही, अंडी लागत नाहीत, फेटाफेटी नाही. लागतं काय, तर क्रीम, साखर, जिलेटिन आणि हाताची घडी घालून गप्प उभं राहायची कुवत, आणि ही शेवटची गोष्ट आमच्या घरात कुणाकडेच नाही.

सुरुवात कॅरमलपासून. साखरेत थोडं पाणी घालून गॅसवर ठेवायचं आणि मग ढवळायचं नाही. का, तर ढवळलं की कडेला उडालेले दाणे परत आत पडतात आणि सगळ्या पातेल्याची परत साखर होते. दोन थेंब लिंबू पिळलं तर हे जरा टळतं, फार तर पातेलं धरून गोल फिरवायचं, पण चमचा नाही म्हणजे नाही. बराच वेळ काहीही घडत नाही, नुसते बुडबुडे. नवरा डोकावून म्हणाला, "अगं लागेल ते, हलव की जरा." मी म्हटलं हलवायचं नसतं. "मग उभी कशाला आहेस?" याला उत्तर असं आहे की 160 अंशांच्या आसपास साखर रंग धरायला लागते आणि तिथून सोनेरी, तांबूस, काळी हा प्रवास ती नवऱ्याला उत्तर देण्याएवढ्या वेळात उरकते, आणि गॅस बंद केला तरी तापलेल्या बुडावर शिजतच राहते. म्हणून लगेच गरम क्रीम थोडं थोडं ओतायचं. ते असं उसळून वर येतं की पातेलं मोठं का घ्यायला सांगतात ते तिथल्या तिथे कळतं, वर कॅरमलचा दगड होऊन तळाशी बसतो तो वेगळाच. तो मंद आचेवर विरघळेपर्यंत मात्र ढवळायला परवानगी आहे!! इतकी ढवळाढवळ मी आयुष्यात केली नव्हती.

जिलेटिनचेही नखरे आहेत. अर्धा लिटर क्रीमला साधारण 6-7 ग्रॅम, आधी गार पाण्यात पाच-दहा मिनिटं भिजवायचं आणि गॅस बंद करून घालायचं, उकळलं तर त्याची पकड ढिली होते. जास्त घातलं तर पन्ना कोटा टप्पा खातो. जिलेटिन प्राण्यांपासून काढतात, ते ज्यांना चालत नाही त्यांच्यासाठी समुद्री शेवाळापासूनचं अगर-अगर, आणि त्याचं सगळं उलटं, त्याला उकळावंच लागतं. सासूबाईंना जिलेटिन चालत नाही, म्हणजे दोन पातेली आणि दोन परस्परविरोधी नियम एकाच ओट्यावर. अगरचं चवीला छान होतं पण तोंडात विरघळत नाही, कारण जिलेटिन अंगाच्या उष्णतेनेच वितळतं आणि अगरला वितळायला 85 अंश लागतात, एवढं तापलेलं तोंड आमच्याकडे फक्त भांडताना असतं.

मग फ्रीज. किमान चार तास, रात्रभर ठेवलं तर उत्तम. हा पदार्थ उत्तर इटलीतल्या पिएमॉन्तेचा मानतात आणि तिथल्या घरांत फ्रीजला कुलूप असावं असा माझा दाट संशय आहे. इथे दर थोड्या वेळाने कुणीतरी दार उघडून, वाटी हलवून "झालं का?" विचारतं. एका वाटीत बोटाचा खड्डा सापडला. बोट कुणाचं ते सगळ्यांना माहीत आहे, सासूबाई सोडून कुणी कबूल करायला तयार नाही, आणि त्या नातीला वाचवतायत.

शेवटी वाटी उलटी करायची वेळ. गरम पाण्यात काही सेकंद बुडवायची, कड बोटाने हलकेच सोडवून आत हवा जाऊ द्यायची, वर ताटली धरून उलटी. केली. काही नाही. "आपट." "सुरी घाल." "वरून ठोक." सल्ल्यांना तोटा नव्हता. परत बुडवली, उलटी केली, आणि पचकन आवाज करून तो एकदाचा उतरला, तांबूस, चकचकीत, मधोमध थरथरत. मी श्वास सोडला तेवढ्यात नवरा वाकून बघत म्हणाला, "हलतंय की गं अजून, कच्चं राहिलं वाटतं."

सासूबाई म्हणाल्या, "फ्रीजमध्ये ठेव परत." लेकीने तोवर दुसरी वाटी घेऊन त्यातच चमचा घातला होता.